खाँ, अब्दुल करीम : ध्वनिमुद्रिका
(1872–1937). किराणा घराण्याचे थोर गायक, मिरजेला स्थायिक. 78 फेऱ्यांच्या तबकडीची एक बाजू जेमतेम तीन-साडेतीन मिनिटांची. तेवढ्यात आलापप्रधान गायकी मावणे अशक्य वाटावे, पण सुरावर स्थिरावणाऱ्या त्यांच्या टोकदार आवाजाने तेही साधले. झिंझोटी आणि भैरवीतील ठुमऱ्या याची सर्वोत्तम साक्ष देतात. कर्नाटक संगीतातील रचनाकार त्यागराज यांची खरहरप्रिया रागातील कृतीही त्यांनी ध्वनिमुद्रित केली. त्या काळच्या हिंदुस्थानी गवयाच्या दृष्टीने हे मोठेच धाडस होय. त्यांची सरगमही कर्नाटक संगीताचा प्रभाव दाखवते. सांगलीचे कृ. ब. देवल आणि साताऱ्याचे न्यायाधीश क्लेमंट्स यांच्या श्रुतिसंशोधनाला त्यांच्या गळ्याचा आधार लाभला. हा सूक्ष्म स्वरविचार तबकड्यांतून आजही प्रत्यक्ष ऐकता येतो.