शब्दवेध : चिप्ळाकट्टै

चेन्नईच्या एखाद्या सभेत हरिकथा ऐकताना भागवतरांच्या, म्हणजे कथेकऱ्यांच्या, हाताकडे बघा. लाकडाचे दोन तुकडे, त्यांत बसवलेल्या धातूच्या चकत्या. बोटं मिटली की छन्‌कन ठोका पडतो. आख्यान रेंगाळो की धावो, लय त्या एका मुठीत. तमिळमध्ये या वाद्याला म्हणतात 'चिप्ळाकट्टै'. 'कट्टै' म्हणजे लाकडाचा ठोकळा. आणि 'चिप्ळा'? अहो, आपलीच चिपळी! तंजावरचं मराठी राज्य १८५५ मध्ये संपलं, कीर्तन मात्र तिथं मुरलं. मराठी कीर्तनकार मोरगावकरबुवांची कीर्तनं ऐकून तंजावर कृष्ण भागवतरांनी तमिळ हरिकथा घडवली. चिपळीबरोबर साकी, दिंडी, ओवी हे छंदही तिकडे गेले. तिथं दिंडी अजून गातात. आपल्याला दिंडी म्हटलं की बहुधा वारीच आठवते.