कोलारच्या खाणीमागे राहिलेले गाव

कोलार म्हटले की आजच्या मुलांना 'केजीएफ' हा २०१८ सालचा सिनेमा आठवतो. तो पाहून आमच्या ऑफिसातल्या एकाने विचारले, "ते गाव आता ओसाडच असेल ना हो?" तेव्हापासून हा विषय डोक्यात होता.

कोलार आपल्याला तसे परके नाही. सतराव्या शतकात बंगळूरबरोबर तेही शहाजीराजांच्या जहागिरीत होते. सोने काढण्याचा तिथला उद्योग मात्र त्याहून पुष्कळ जुना. १८०२ साली जॉन वॉरन हा लेफ्टनंट मोजणीसाठी तिकडे गेला, तेव्हा उरीगाम-मारीकुप्पमचे गावकरी माती धुऊन सोन्याचे कण वेचत होते. १८७५त लाव्हेल नावाच्या निवृत्त आयरिश सैनिकाने म्हैसूर सरकारकडून परवाना मिळवला. त्याच्याकडे भांडवल कुठले? १८८०त लंडनची जॉन टेलर अँड सन्स आली आणि चित्रच पालटले. १९०२ साली शिवनसमुद्राहून सुमारे १४७ किलोमीटर तारा ओढून खाणीला वीज आणली. बंगळूरच्या रस्त्यांवर विजेचे दिवे लागले ते १९०५त, म्हणजे खाणीनंतर!

साहेबांना बंगले, क्लब, गोल्फचे मैदान. खाली उतरणारा मजूर बहुतेक तमिळ, त्यातही दलित; त्याच्या वाट्याला चाळीतली एक खोली. चॅम्पियन रीफ तीन किलोमीटरहून खोल गेली. तिथे दाब असह्य झाला की खडक स्फोटासारखा फुटे आणि माणसे गाडली जात. याच खोलीचा उपयोग करून मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेच्या शास्त्रज्ञांनी जपानी व इंग्रज सहकाऱ्यांसह १९६५ साली वातावरणातले न्यूट्रिनो टिपले. शाळेत आम्हाला हे कुणी सांगितले नाही.

१९५६त खाणी सरकारकडे आल्या, १९७२त भारत गोल्ड माइन्स झाली. एकेकाळी टनाला चाळीस ग्रॅमहून जास्त सोने देणारा दगड शेवटी तीन-चार ग्रॅमवर आला. खर्च निघेना. २८ फेब्रुवारी २००१ला काम थांबले. पंप बंद पडले, बोगद्यांत पाणी भरले. वर उरले सायनाइडच्या गाळाचे डोंगर. वारा सुटला की ती धूळ घराघरात जाते. आणि घरे तरी कुणाची? कंपनीची. ज्यांच्या तीन-चार पिढ्या तिथे गेल्या, त्यांना मालकीसाठी वर्षानुवर्षे अर्ज करावे लागले. अर्ज आणि फायली म्हणजे काय, हे माझ्यासारख्या कारकुनाला सांगायला नको.

२०१२ साली आणि पुन्हा मार्च २०१८त आपल्याकडे खाणी बंद झाल्या, तेव्हा डिचोली-सांखळीत दारात उभे राहिलेले ट्रक आणि बँकेचे हप्ते आपण पाहिले आहेत. आपल्याकडे २०२४त डिचोलीच्या एका ब्लॉकवर काम पुन्हा सुरू तरी झाले. कोलारवाल्यांनी इतकी वाट पाहिली नाही. खाणकामगारांची मुले मारीकुप्पमच्या गाडीने रोज बंगळूरला कामाला जातात आणि रात्री त्याच चाळींत परततात.