तैवानची एक कर्तबगार नटी

कलेचा इतिहास कर्त्यांच्या नांवांनीं लिहिण्याची रूढि आहे, आणि चित्रपटाचा कर्ता म्हणजे दिग्दर्शक असें आपण धरून चालतों. नटीच्या वांट्यास कौतुकाची एखादी ओळ येते. तैवानच्या सिल्व्हिया चांग यांची कारकीर्द पाहतां ही वांटणी न्याय्य नाहीं, असें आम्हांस वाटतें.

चांगबाईंचा जन्म १९५३ सालीं तैवानांतील चिआयी येथें झाला. त्या बेटावर १९४९ पासून लष्करी कायदा होता. तो १९८७ पर्यंत उठला नाहीं. पडद्यावर प्रेमकथा आणि तलवारबाजी यांचा भरणा असे. अशा स्थितींत या बाईंनीं कोणतीच तऱ्हा वर्ज्य मानिली नाहीं. १९७९ मध्यें किंग हू या थोर दिग्दर्शकाच्या अद्भुतरम्य चित्रपटांत त्या दिसल्या. १९८१ मध्यें ‘माझे आजोबा’ या चित्रपटाबद्दल त्यांस ‘सुवर्णाश्व’ हें तैवानचें मानाचें पारितोषिक मिळालें. आणि पुढच्याच वर्षीं हाँगकाँगच्या एका प्रहसनांत तापट पोलीस अधिकारी होऊन त्यांनीं प्रेक्षकांस हसविलें.

याहून महत्त्वाची गोष्ट पडद्यामागें घडली. १९८१ मध्येंच त्यांनीं दूरचित्रवाणीसाठीं ‘अकरा स्त्रिया’ ही कथामाला निर्माण केली व तींतील काम नवोदित दिग्दर्शकांच्या हवालीं केलें. अमेरिकेंत संगणकाच्या व्यवसायांत राहून आलेले एडवर्ड यांग हे त्यांपैकीं एक. १९८३ मध्यें यांग यांच्या ‘समुद्रकांठचा तो दिवस’ या पहिल्या दीर्घ चित्रपटांत चांगबाई नायिका झाल्या. नायिकेचा नवरा किनाऱ्यावरून नाहींसा होतो. सांपडलेलें प्रेत त्याचेंच कीं काय, हें पाहण्यासहि न थांबतां ती अखेर चालूं लागते. पतीच्या जगण्यामरण्यावर स्त्रीचें आयुष्य टांगलेलें असावें काय, हा प्रश्न चांगबाईंनीं मोठ्या संयमानें उभा केला. तैवानच्या नव्या चित्रपटाचा इतिहास यांग आणि होउ शिआव-शिएन यांच्या नांवांनीं सांगितला जातो. त्या दाराची कडी काढण्यांत एका नटीचाहि हात होता, हें मात्र सहसा कोणी सांगत नाहीं.

यौवन ओसरलें कीं नटीस भूमिका मिळेनाशा होतात. चांगबाईंनीं त्या स्वतःच लिहिण्यास आरंभ केला. १९८६ च्या ‘परमप्रिय’ या चित्रपटाचें लेखन, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका हीं तिन्ही त्यांचीं. त्याबद्दल त्यांस अभिनयाचें तेंच पारितोषिक दुसऱ्यांदा लाभलें. २००४ मध्यें ‘वीस, तीस, चाळीस’ या चित्रपटांत त्यांनीं तीन वयांच्या तीन स्त्रिया रंगविल्या व त्यांतील सर्वांत वडील स्वतः झाल्या. २०१७ च्या त्यांच्या चित्रपटांत एका थडग्याच्या हक्कावरून तीन पिढ्यांच्या बायका झगडतात. आणि २०२२ मध्यें, निऑनच्या पाट्या घडविणाऱ्या एका मृत कारागिराची विधवा साकारून, वयाच्या एकोणसत्तराव्या वर्षीं त्यांनीं तोच मान तिसऱ्यांदा मिळविला.

पहिल्या व तिसऱ्या मानांत ४१ वर्षांचें अंतर आहे. नटीचें आयुष्य तिच्या तारुण्याएवढेंच, हा समज आपल्याकडेहि कांहीं कमी रूढ नाहीं. तो बाळगणाऱ्यांनीं हें अंतर एकवार मोजून पाहावें.