दोन शेजारी आणि एक दिग्दर्शक

श्रोतेहो, बाळापूरचा किल्ला आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल. मन आणि म्हैस या दोन नद्या जिथे एकमेकींना भेटतात, त्याच टेकाडावर तो उभा आहे. एलिचपूरच्या नबाबाने तो 1757 साली पुरा केला. त्याच्या पायथ्याशी बाळादेवीचे देऊळ, आणि गावात पिढ्यान्‌पिढ्या भिंतीला भिंत लावून राहिलेली हिंदू आणि मुसलमान घरे. आज एका चित्रपट-दिग्दर्शकाची गोष्ट सांगायची आहे, आणि ती सांगताना हे गाव डोळ्यांसमोरून हलत नाही. का ते पुढे कळेल.

त्या दिग्दर्शकाचे नाव विश्राम बेडेकर. जन्म 13 ऑगस्ट 1906, गाव आपले अमरावती. म्हणजे बाळापूरहून निघाले तर अर्ध्या दिवसाच्या आतली वाट. पण शाळेत मुलांना विचारा, 'बाबांनो, वऱ्हाडातला एखादा चित्रपट-दिग्दर्शक सांगा.' वर्ग गप्प बसेल. कधी कधी मास्तरही गप्प बसतील. म्हणून आजचे हे बोलणे.

बेडेकर आधी लेखक, मग दिग्दर्शक. मास्टर दीनानाथ आणि चिंतामणराव कोल्हटकर यांच्या बळवंत संगीत मंडळीसाठी त्यांनी 'ब्रह्मकुमारी' हे नाटक लिहिले. ते साल 1933. पण काळ कसा होता पाहा. बोलपट नुकताच आला होता आणि नाटकाचे तंबू ओस पडू लागले होते. जो प्रेक्षक काल रात्रभर नाट्यगीते ऐकत बसे, तो आज दोन-तीन तासांच्या खेळाला जाऊ लागला. तेव्हा बळवंत मंडळीने ठरवले, आपणही बोलपटच काढू. सांगलीला कंपनी उभी राहिली. 'कृष्णार्जुन युद्ध' हा चित्रपट 1934 साली निघाला. त्याचे दिग्दर्शन कोल्हटकर आणि बेडेकर यांनी मिळून केले. बेडेकर तेव्हा अठ्ठावीस वर्षांचे होते. चित्रपट चालला नाही आणि मंडळी कर्जात बुडाली. पहिलीच पेरणी, आणि पाऊस दगा देऊन गेला, अशातली गत.

दुसरा एखादा म्हणाला असता, पुरे झाले बाप्पा, आपली लेखणी बरी. बेडेकरांनी तसे केले नाही. त्यांनी 1935 साली 'ठकीचे लग्न' काढला. पुढे हे शास्त्र नीट शिकावे म्हणून ते विलायतेला गेले. युरोपवर तेव्हा हिटलरची छाया पडलेली होती, ज्यू लोक देशोधडीला लागत होते. त्या अनुभवातून त्यांची 'रणांगण' ही कादंबरी जन्मली. बोटीवर भेटलेला एक मराठी तरुण आणि जर्मनीतून परागंदा झालेली एक ज्यू मुलगी यांची ही कथा 1939 साली प्रसिद्ध झाली. छोटेसे पुस्तक, पण मराठी कादंबरीत त्याचे स्थान आजही ढळलेले नाही. त्याच्या आदल्या वर्षी, 1938 साली, त्यांचा विवाह बाळूताई खरे यांच्याशी झाला होता. याच बाई विभावरी शिरूरकर या नावाने लिहीत.

आता त्या काळचा स्टुडिओ म्हणजे काय, ते थोडे सांगितले पाहिजे. आज नटनट्या चित्रपटापुरत्या करार करतात. तेव्हा तसे नव्हते. 'प्रभात' ही कंपनी 1929 साली कोल्हापुरात निघाली आणि 1933 साली पुण्यास आली. तिथे नट, दिग्दर्शक, सुतार, रंगारी, शिंपी, छायाचित्रकार, सगळे पगारी. आपल्याकडे सालदार जसा वर्षभर एका घरचा असतो, तसे ते कंपनीचे असत. देखावे तिथेच उभे राहत, फिल्म तिथेच धुतली जाई. एकच कथा बहुधा दोन भाषांत घेत: देखावा तोच, प्रसंग तोच, आधी मराठीत, मग हिंदीत.

याच प्रभातसाठी बेडेकरांनी लिहिलेला चित्रपट म्हणजे 1941 सालचा 'शेजारी'. हिंदीत त्याचे नाव 'पडोसी'. दिग्दर्शक व्ही. शांताराम, लेखणी बेडेकरांची. कथा खेड्यातली. जिवा पाटील आणि मिर्झा हे दोन म्हातारे शेजारी. एक हिंदू, एक मुसलमान, पण जीव एक. गावाजवळ धरण बांधायचे ठरते. बांधणाऱ्याला जमिनी हव्यात, गावकरी नको म्हणतात. मग तो या दोघांतच वितुष्ट पाडतो. शेवटी धरण फुटते आणि त्या लोंढ्यात दोघे मित्र एकमेकांचा हात धरून जातात.

श्रोतेहो, साल लक्षात घ्या. आदल्याच वर्षी, मार्च 1940 मध्ये, लाहोरला मुस्लिम लीगचा ठराव झाला होता. देश दुभंगण्याची भाषा उघड सुरू झाली होती. अशा वेळी चित्रपटाने भाषण केले नाही, एक पार आणि दोन म्हातारे दाखवले. आणखी एक गंमत ऐका. हिंदीत हिंदू ठाकूर झाले मझहर खान, आणि मुसलमान मिर्झा झाले गजानन जागीरदार. मुसलमान नटाने हिंदू उभा केला, हिंदू नटाने मुसलमान. प्रेक्षकाला सांगायचे ते न बोलताच सांगून झाले.

आणि भांडणाचे मूळ कुठे दाखवले आहे? धर्मात नाही, जमिनीच्या व्यवहारात. हे लिहिणाऱ्याला खेडे कळले होते, असे मला वाटते. बाळापूरसारख्या गावात वाढलेल्या माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही.

पुढे बेडेकर स्वतः दिग्दर्शन करीतच राहिले. 1942 साली 'पहिला पाळणा' आला. 1944 सालच्या प्रभातच्या 'रामशास्त्री'ला दिग्दर्शक म्हणून गजानन जागीरदार, राजा नेने आणि बेडेकर अशा तिघांचे हात लागले. 1945 साली त्यांनी प्रभातसाठी 'लाखाराणी' केला. त्यात एका छोट्या भूमिकेत एक कोवळा तरुण होता. तोच पुढे गुरुदत्त म्हणून देशभर गाजला. 1950 साली वासुदेव बळवंत फडके यांच्यावरचा चित्रपट झाला. आणि 1963 साली 'रुस्तम सोहराब'. पृथ्वीराज कपूर रुस्तम झाले, आणि सुरैयाचा हा शेवटचा चित्रपट ठरला. इराणच्या शाहनाम्यातली ती कथा: बाप आणि मुलगा रणात समोरासमोर येतात, एकमेकांना ओळखत नाहीत, आणि बापाच्या हातून मुलगा मरतो.

आता या सगळ्या कामाकडे एकदम पाहा. 'शेजारी'त दोन मित्र, मध्ये धरण. 'रणांगणा'त दोन प्रेमी जीव, मध्ये युद्ध. 'रुस्तम सोहराब'मध्ये बाप-लेक, मध्ये अनोळखीपणा. पुढे वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी त्यांनी नाटक लिहिले तेही 'टिळक आणि आगरकर'! एका ध्येयाने निघालेले दोन मित्र आणि मध्ये मतभेद. जवळची माणसे दुरावतात कशी, हा एकच प्रश्न हा माणूस जन्मभर विचारीत राहिला.

यशाचा हिशेब मांडला तर शांतारामांची कीर्ती बेडेकरांच्या वाट्याला दिग्दर्शक म्हणून आली नाही, हे कबूल केले पाहिजे. स्टुडिओंचा काळही सरला. प्रभात 1953 साली बंद पडली, आणि तिच्याच जागेत 1960 साली सरकारची चित्रपट-शिक्षणसंस्था निघाली. पण बेडेकर कडवट झाले नाहीत. 'एक झाड आणि दोन पक्षी' या आत्मचरित्रात त्यांनी स्वतःकडे तिऱ्हाइताच्या नजरेने पाहिले. उपनिषदात एका झाडावर दोन पक्षी आहेत, एक फळ खातो आणि दुसरा नुसता पाहतो. तसेच हे. या पुस्तकाला 1985 साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. 1986 साली मुंबईच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले आणि 1998 साली, ब्याण्णव वर्षे पुरी करून, ते गेले.

शिक्षकांना शेवटी एक विनंती. 8 जानेवारी 2003 रोजी पुण्यात जुन्या फिल्म ठेवलेल्या कोठीला आग लागली आणि प्रभातच्या काळच्या कितीतरी प्रती भस्म झाल्या. फिल्म जळते, पण माणसाचे नाव लोकांच्या तोंडी असले की ते सहसा पुसले जात नाही. म्हणून 'शेजारी' जमेल तेव्हा मुलांना दाखवा. तो संपला की एवढेच विचारा, 'त्या दोघांचे भांडण नेमके कुणी लावले?' उत्तर पोरांनाच शोधू द्या. आणि मग सांगा, ही गोष्ट ज्याने लिहिली तो आपल्या अमरावतीचा.