पुन्हा वाच रे!

१९५७चा फेब्रुवारी. लालबागच्या चाळीतल्या गॅलरीत तुम्ही उभे आहात. रात्रपाळी करून आलेला गिरणी कामगार आंघोळीआधी आचार्य अत्र्यांचा ‘मराठा’ मागतो. खिशात अजून आणेच खुळखुळतात. नवे पैसे एप्रिलात येतील. पेपर एक, वाचणारा एक, ऐकणारा अख्खा मजला. इंग्रजी शाळेतला पोरगा अत्र्यांचा अग्रलेख खणखणीत वाचतो. माजी मुख्यमंत्री मोरारजी देसाईंना हाणलेल्या टोल्यापाशी हशा फुटतो. ‘पुन्हा वाच रे!’

तुम्ही बातमी शोधता. आहे की, पण अत्र्यांच्या आवाजात. १ नोव्हेंबर १९५६ला मराठी-गुजराती द्विभाषिक मुंबई राज्य लादलं गेलं आणि पंधरवड्यात, १५ तारखेला, हा पेपर निघाला. संयुक्त महाराष्ट्राच्या आंदोलनातल्या गोळीबारात गेलेल्यांची घरं याच गल्ल्यांत आहेत. त्यांना तोलूनमापून लिहिलेलं नकोच आहे. अत्र्यांच्या लेखी प्रत्येक घटना गेल्या दहा हजार वर्षांत प्रथमच घडते. ही अतिशयोक्ती ऐकणाऱ्याला कळते, म्हणून तर तो खूश होतो. विरोधकाची मात्र या पानांवर धडगत नाही, आणि त्यात सगळंच न्याय्य असतं असं मला वाटत नाही.

हॉटेलातल्या रेडिओवर गाणी, बाजारभाव, बातम्या. निवडणुकीचा प्रचार नाही, पक्षांना आकाशवाणीवर बोलायला १९७७ उजाडेल. मुंबईत दूरदर्शन यायचं १९७२ला. पुढाऱ्याचा चेहरा बघायचा तर मैदानावरच जायला हवं.

म्हणून संध्याकाळी तुम्ही शिवाजी पार्कच्या धुळीत बसता. शाहीर अमर शेखांचा पहाडी आवाज कर्ण्यातून फुटतो. मग अत्रे उठतात. दादरमधून विधानसभेला तेच उभे आहेत. संपादक, वक्ता, उमेदवार, सगळं एकच! आजचं भाषण उद्या छापून येणार आणि ते छापील पान परवाच्या सभेत फडकणार. ‘पेपरानं निःपक्षपाती असावं ना?’ तुम्ही शेजाऱ्याला विचारता. तो बिडी विझवत म्हणतो, ‘गोळ्या निःपक्षपाती होत्या का?’

मतदानाला तुम्ही रांगेत. मतपत्रिकेवर शिक्का मारायचा नाही. आडोशामागे प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी, वर चिन्ह चिकटवलेलं. कागद हव्या त्या पेटीत टाकायचा. अक्षरओळख नसलेल्या म्हातारीलाही आपली पेटी पाठ आहे. महिनाभर तिनं पेपर कानांनी वाचलाय.

निकाल लागतो. अत्रे विधानसभेत, मध्य मुंबईतून कम्युनिस्ट नेते डांगे लोकसभेत, पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसचं पानिपत. मुख्यमंत्री यशवंतराव चव्हाण कऱ्हाडात जेमतेम तरतात. पण दक्षिण मुंबईत काँग्रेसचे स. का. पाटील निवडून येतात, आणि गुजरात, विदर्भ, मराठवाड्याच्या बळावर सरकार काँग्रेसचंच राहतं. नागपूरकडच्या अनेकांना तर वेगळा विदर्भ हवाय. लालबागचा अग्रलेख तिथं मोठ्यानं वाचला असता तरी कुणी ‘पुन्हा वाच’ म्हटलं असतं का, मला शंका आहे.