आवाजाची मजुरी : मार्क हॅमिल आणि त्यांचे व्यवसायबंधू

नटांचा इतिहास लिहिला जातो तो बहुधा त्यांच्या भूमिकांचा आणि टाळ्यांचा. त्यांच्या मजुरीचा इतिहास सहसा कोणी लिहीत नाही. आम्ही कामगार संघटनेत उभे आयुष्य घातले, आणि आमचे जे काही शिक्षण झाले ते शाळेपेक्षा सार्वजनिक वाचनालयातच अधिक झाले. त्यामुळे कोणाचेही चरित्र हाती आले की आमची नजर प्रथम पगारपत्रकाकडे वळते. अमेरिकन नट मार्क हॅमिल यांच्या कारकीर्दीकडेही आम्ही याच नजरेने पाहिले आहे. रसिकांनी तेवढे सांभाळून घ्यावे.

हॅमिल यांचा जन्म २५ सप्टेंबर १९५१ चा, कॅलिफोर्नियातील ओकलंड गावचा. वडील नौदलात अधिकारी, म्हणून बिऱ्हाड सतत पाठीवर; शाळेचा शेवट तर जपानमध्ये योकोसुका येथे झाला. पुढे लॉस एंजलिसच्या सिटी कॉलेजात त्यांनी नाट्यशिक्षण घेतले आणि दूरचित्रवाणीवर लहानमोठी कामे केली. १९७३ साली एका व्यंगचित्रमालिकेत त्यांनी एका पोराला आवाज दिला. म्हणजे जगाने चेहरा ओळखण्याच्या चार वर्षे आधी या माणसाचा आवाज कामाला लागला होता. १९७७ च्या मे महिन्यात ‘स्टार वॉर्स’ लागला, आणि ल्यूक स्कायवॉकर हा पोरसवदा योद्धा घराघरांत पोचला.

मोठ्या यशाची एक गंमत असते. ते नटाला उचलते आणि त्याच जागी खिळ्याने ठोकूनही ठेवते. हॅमिल यांनी तो खिळा उपटावयाचा ठरविले आणि न्यूयॉर्कच्या रंगभूमीची वाट धरली. १९८१ साली त्यांनी ‘द एलिफंट मॅन’ या नाटकात विद्रूप देहाच्या जॉन मेरिकची भूमिका केली. या नाटकाचा दंडक असा की, नटाने रंगभूषेने विद्रूपता दाखवावयाची नाही. देह वाकवून, वाचा अडखळवून ती प्रेक्षकाच्या मनात उभी करावयाची. देखण्या चेहऱ्यावर नाव मिळविलेल्या नटाने नेमके असे नाटक निवडावे, यातच त्यांची धमक दिसते. पुढे १९८३ मध्ये ते ‘अमाडियस’मध्ये मोझार्ट झाले. त्याच नाटकाचा १९८४ साली चित्रपट झाला तेव्हा भूमिका दुसऱ्याला गेली. ल्यूक स्कायवॉकर मोझार्ट म्हणून नको, असे निर्मात्यांकडील मंडळींचे मत पडले, हे हॅमिल यांनीच पुढे सांगितले आहे. रंगभूमीवर रोज रात्री सिद्ध केलेली गोष्ट पडद्याच्या दारात बाद ठरली. १९८५ सालची एक संगीतिका तर अवघ्या चार प्रयोगांत बंद पडली.

चेहरा आड येत होता. मग चेहऱ्यावाचून काम करता आले तर? १९९२ साली ‘बॅटमॅन’च्या व्यंगचित्रमालिकेत जोकर या खलनायकासाठी हॅमिल यांची निवड झाली. आधी हे काम टिम करी यांच्याकडे होते. बॅटमॅनचा आवाज केव्हिन कॉनरॉय यांचा, तेही नाटकातून आलेले. हॅमिल यांनी जोकरच्या हास्यालाच संवादासारखे वागविले. कधी खुदखुदणे, कधी किंकाळी, कधी रडण्याच्या काठावर आलेले हसू. ऐकणाऱ्या पोरांना स्वप्नातही वाटले नसेल की हा त्यांचा लाडका ल्यूक आहे.

आता व्हिडिओ गेम. आमच्या पिढीतील पुष्कळांना हा पोरांचा टाइमपास वाटतो. परंतु ज्या धंद्यात कोट्यवधी डॉलर फिरतात त्यास खेळ म्हणून सोडून देणे कामगार कार्यकर्त्यास परवडत नाही. १९९४ साली ‘विंग कमांडर ३’ या खेळात हॅमिल स्वतः दिसले, कारण त्यात खऱ्या नटांची चित्रित दृश्ये घातली होती. २००९ साली ‘अर्कम असायलम’ आणि २०११ साली ‘अर्कम सिटी’ या खेळांत त्यांचा जोकर परत आला, आणि दुसऱ्याबद्दल त्यांना २०१२ साली बाफ्टा पारितोषिक मिळाले. कॉनरॉय २०२२ च्या नोव्हेंबरात वारले. त्यांच्यावाचून जोकरला आवाज देण्यात आता अर्थ उरला नाही, असे हॅमिल म्हणाले. चाळीस-चाळीस वर्षे एका यंत्रावर उभ्या राहिलेल्या जोडीदारांत आम्ही ही माया पाहिली आहे.

पण हे काम चालते कसे? नाटकात समोर सहनट असतो. गेममध्ये बहुधा एकटा माणूस काचेच्या खोलीत मायक्रोफोनपुढे उभा असतो. खेळणारा कोणती वाट धरील याचा नेम नाही, म्हणून प्रत्येक वाटेची वेगळी वाक्ये बोलून ठेवावी लागतात. त्यातच युद्धाचे खेळ अधिक. गोळी लागल्याची किंकाळी, कड्यावरून पडण्याची, जळण्याची, गुदमरण्याची, अशा आरोळ्यांची यादीच पुढ्यात येते. अशी चार-चार तास चाललेली सत्रे नटांचे गळे सोलून काढीत. गिरणीत कापसाची पूड फुप्फुसात जाई, येथे घसाच झिजे. व्यवसायजन्य रोग म्हणून दोहोंत आम्हांला फरक दिसत नाही.

आणि मोबदला? अमेरिकेत व्यंगचित्रांना आवाज देणाऱ्यांचे आद्य पुरुष मेल ब्लँक. त्यांनी आत्मचरित्रात सांगितले आहे की, पगारवाढ मागितली तेव्हा मालकाने वाढ नाकारली आणि तिच्याऐवजी पडद्यावर नाव दिले. नाव मिळाले हेही नसे थोडके, कारण आपल्याकडे १९४९ सालच्या ‘महल’ चित्रपटातील गाण्याच्या तबकडीवर आरंभी ‘कामिनी’ असे पात्राचेच नाव छापले होते. गळा लता मंगेशकरांचा होता.

हॅमिल नामांकित, त्यांचे निभले. पण मायकेल हॉलिक या नटाची हकीकत ऐका. ‘टारझन’ संगीतिकेत काम केलेला हा रंगभूमीचा कलावंत. २९ एप्रिल २००८ रोजी ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ४’ हा खेळ बाजारात आला. त्यातील निको बेलिक या पूर्व युरोपातून आलेल्या निर्वासिताचा आवाज हॉलिक यांचा, अंगावर खुणांचा पोशाख चढवून केलेल्या हालचालीही त्यांच्याच. सुमारे १५ महिन्यांच्या कामाचे त्यांना जवळपास १ लाख डॉलर मिळाले. खेळाची विक्री पहिल्याच आठवड्यात ५० कोटी डॉलरवर गेली. त्यातील एक सेंटही त्यांच्या वाट्यास आला नाही. रोजंदारी संपली, हिशेब संपला. आता आम्हांला बोचणारी गोष्ट सांगतो. हॉलिक यांना करारातील किमान दराच्या सुमारे दीडपट रोज मिळत होता, आणि म्हणून त्यांनी कंपनीस दोष दिला नाही. त्यांनी दोष दिला तो संघटनेला, तिने असा हिस्सा देणारा करारच केला नव्हता म्हणून. आमच्या मते तो दोष रास्त होता. नवा धंदा उभा राहताना संघटना झोपली की पुढची पिढी किंमत मोजते.

चित्रपटाच्या नटांनी हा धडा १९६० सालीच गिरविला होता. त्या वर्षी संप करून त्यांनी चित्रपट दूरचित्रवाणीवर दाखविल्यास पुन्हा मोबदला, हे तत्त्व पदरात पाडून घेतले. तेव्हा त्यांच्या संघटनेचे अध्यक्ष होते रोनाल्ड रेगन. होय, तेच. १९८१ साली राष्ट्राध्यक्ष या नात्याने संपावरील ११ हजारांहून अधिक विमानवाहतूक नियंत्रकांना एका फटक्यात बडतर्फ करणारे.

गेममधील नटांचा संप पेटला तो २१ ऑक्टोबर २०१६ रोजी, ११ कंपन्यांविरुद्ध. मागण्या साध्या होत्या : खेळ लाखोंनी खपला तर अधिक रक्कम, ओरडण्याची सत्रे चारऐवजी दोन तासांची, आणि आपण कोणत्या खेळात काम करतो हे नटास आधी कळावे. होय, हेही कळत नसे. सांकेतिक नाव हाती देऊन काम करून घेत. सप्टेंबर २०१७ मध्ये तडजोड झाली. विक्रीवर हिस्सा मिळाला नाही. सत्रांच्या संख्येवर बक्षिसी मिळाली, पहिल्या सत्रास ७५ डॉलर, दहा सत्रे भरल्यास एकूण २,१०० डॉलर. खेळाची माहिती आधी देण्याचे बंधन आले. घशाच्या प्रश्नावर विचार करू, एवढेच आश्वासन. अकरा महिन्यांच्या संपाला हे फळ अल्पच म्हणावे लागेल.

त्यानंतर यंत्राने गळाच घेतला. २०२० साली ‘स्टार वॉर्स’च्या एका मालिकेत तरुण ल्यूक पुन्हा अवतरला. हॅमिल तेव्हा ६९ वर्षांचे. कानावर पडला तो तरुण आवाज त्यांच्या जुन्या ध्वनिफितींवरून संगणकाने घडविलेला होता. हॅमिल यांना त्याची कल्पना होती. पण ज्याला कोणी ओळखत नाही, पूर्वी दोनशे किंकाळ्या ध्वनिमुद्रित करून जो घरी गेला, त्याला कोण विचारणार? २६ जुलै २०२४ रोजी दुसरा संप झाला तो मुख्यतः यासाठीच. जुलै २०२५ मध्ये सभासदांनी करार मंजूर केला. नटाच्या आवाजाची यांत्रिक प्रतिकृती करावयाची तर त्याची संमती हवी, वापराचा मोबदला हवा, आणि संपाच्या काळात ती संमती मागे ठेवण्याचा हक्क नटास राहील, असे त्यात आहे.

त्याच वर्षीच्या मे महिन्यात ‘फोर्टनाइट’ या खेळात डार्थ व्हेडर यंत्राच्या तोंडून बोलू लागला होता. आवाज जेम्स अर्ल जोन्स यांचा. जोन्स सप्टेंबर २०२४ मध्ये निवर्तले होते आणि त्यांच्या कुटुंबीयांची संमती होती. तरीही संघटनेने कामगार मंडळाकडे तक्रार गुदरली. जोन्स यांच्या आवाजाचा परवाना देण्यास तिचा आक्षेप नव्हता. तिचे म्हणणे एवढेच की, आजवर गेममधून व्हेडरचा तो स्वर आणि ती लय हुबेहूब काढून देणारे हाडामांसाचे नट होते, आणि त्यांचे काम यंत्राकडे देण्यापूर्वी मालकाने वाटाघाटीच्या मेजाशी यावयास हवे होते.