गैरहजेरी म्हणजे माघार नव्हे

वर्षानुवर्षे पडून असलेली याचिका अखेर बोर्डावर, म्हणजे दिवसाच्या सुनावणीच्या यादीवर येते, पुकारा होतो, याचिकाकर्त्यातर्फे कोणीच उभे राहत नाही आणि पाठपुराव्याअभावी ती काढून टाकली जाते. यात गैर ते काय, असे जाणकारही विचारतात. त्यांचे म्हणणे असे: ज्याला स्वतःच्याच प्रकरणात रस उरला नाही, त्याच्यासाठी न्यायालयाने वेळ का दवडावा? स्थगिती मिळवून गप्प बसणारे प्रतिपक्षाला वेठीस धरतात. शिवाय ज्याची अडचण खरी, त्याला प्रकरण पुन्हा फायलीवर घेण्याचा अर्ज करता येतोच. तिन्ही मुद्दे वजनदार आहेत. टिकणारे मात्र नाहीत.

पहिला मुद्दा अनास्थेचा. मुंबई उच्च न्यायालयात ‘रूल’ निघाला, म्हणजे याचिका सुनावणीसाठी दाखल करून घेतली गेली, की याचिका अंतिम सुनावणीच्या रांगेत जाते. नंबर कधी लागेल, हे वकीलही सांगू शकत नाही. ‘कळवीन तेव्हा या’ म्हणून तो पक्षकाराला गावी धाडतो. मधल्या काळात वकीलच वारतो, वकिली सोडतो किंवा स्वतःच न्यायाधीश होतो. जव्हारच्या शेतकऱ्याने काय रोज बोर्ड चाळत बसायचे? रांग न्यायालयाची, विलंब न्यायालयाचा. मग बेफिकिरीचा ठपका एकट्या पक्षकारावर का? ‘रफिक विरुद्ध मुन्शीलाल’ या 1981च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच ओळखले. वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला देण्यास त्याने नकार दिला.

दुसरा मुद्दा स्थगितीचा. स्थगितीचा गैरवापर होत असेल तर ती उठवावी. त्यासाठी याचिकाच बुडवण्याचे कारण काय?

तिसरा मुद्दा उपायाचा. दावा किंवा अपील पुन्हा फायलीवर घेण्यासाठी मुदत कायदा 30 दिवस देतो, तेही काढून टाकल्याच्या तारखेपासून. पक्षकाराला कळल्यापासून नव्हे. ज्याला बातमीच उशिरा कळते, त्याला आधी विलंबमाफीचा अर्ज करावा लागतो. तो फेटाळला, की वरच्या न्यायालयाची पायरी. एका प्रकरणाची तीन झाली. निकाली प्रकरणांचा आकडा फुगला; काम कमी झाले का?

कायद्याचा कलही पाहा. अपीलकर्ता गैरहजर असेल तर अपील काढून टाकता येते, पण गुणदोषांवर फेटाळता येत नाही, असा खुलासा 1976च्या दुरुस्तीने दिवाणी प्रक्रिया संहितेत घातला. फौजदारी अपील तर गैरहजेरीसाठी काढून टाकताच येत नाही. ते गुणदोषांवरच ठरवावे लागते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या ‘बनी सिंग’ निकालात 1996 साली स्पष्ट झाले. गैरहजेरी म्हणजे माघार असती, तर ही काळजी कशाला घेतली असती?

काही याचिका खरोखरच मृत असतात, हे मान्य. त्या ओळखण्याचा मार्ग सोपा आहे: काढून टाकण्यापूर्वी एक नोटीस, वकिलाला नव्हे, थेट पक्षकाराच्या पत्त्यावर. ती मिळूनही तो आला नाही, तर याचिका खुशाल काढून टाकावी. पण ज्याला वीस वर्षे थांबवले, त्याला एकदा बोलावण्याइतकीही सवड न्यायालयाला नसावी काय? निवाडा वाचकांनी करावा.